चाल हवी, माणूस नको

"रॅप ही कविता नाही, नुसती बडबड आहे." हे वाक्य मी देवासच्या मराठी घरांत इतक्यांदा ऐकलंय की पुढचं वाक्य काय येणार ते मला आधीच ठाऊक असतं. "त्यापेक्षा कुमारजींचं निर्गुण ऐका!" माझं डोकं तापतं ते या दुसऱ्या वाक्यावर. ज्या निर्गुणाचा दाखला देऊन ही मंडळी रॅपला दारातूनच हाकलतात, ते निर्गुण रॅपच्याच जातकुळीचं आहे. ज्याला सभेत जागा नाही त्यानं चारचौघांत उभं राहून, तालाच्या आधारानं, मोठ्यानं बोललेली ती कविता आहे. तुम्हाला तिची चाल आवडते. ती बोलणारा माणूस तुम्हाला नको असतो. हे मी स्पष्ट लिहितेय, कारण आमच्या माळव्यातल्या मराठी समाजात हे कोणी स्पष्ट बोलत नाही.

कुमार गंधर्व 1948 मध्ये क्षयानं पोखरलेलं शरीर घेऊन देवासला आले. इथली कोरडी हवा मानवेल म्हणून आले आणि शेवटपर्यंत इथेच राहिले. अंथरुणाला खिळलेल्या काळात त्यांनी माळवी बायकांची गाणी कान देऊन ऐकली, नाथपंथी जोग्यांची भजनं ऐकली. लोकधुनांतून नवे राग बांधले. 1965 मध्ये 'अनूपरागविलास' हा ग्रंथ छापला. कबीराला ख्यालाच्या मैफलीत आणलं, आणि तेही त्याचा खडबडीतपणा घासून न काढता. आपण हे कुठून घेतलं, ते त्यांनी कधी लपवलं नाही. तेव्हा माझी तक्रार त्यांच्याविरुद्ध नाही. माझी तक्रार त्यांच्या नावानं टाळ्या वाजवणाऱ्यांविरुद्ध आहे. ज्या गावांतून ही वाणी आली, ती गावं आमच्या शहरापासून तासाभराच्या अंतरावर आहेत. तिथे आमच्यापैकी किती जणांनी पाऊल ठेवलं?

देवास, उज्जैन, शाजापूर या पट्ट्यात कबीर गाणाऱ्या मंडळ्या आजही आहेत. बहुतेक दलित वस्त्यांतल्या. दिवसा शेतात, बांधकामावर किंवा शाळेत राबणारी माणसं रात्री तंबुरा घेऊन बसतात. लुनियाखेडीच्या प्रल्हादसिंह टिपान्यांनी शाळामास्तरकी केली. 2011 मध्ये त्यांना पद्मश्री मिळाली. देवास जिल्ह्यातले कालूराम बामनिया यांना 2024 मध्ये मिळाली. 1990 च्या दशकात देवासच्या 'एकलव्य' संस्थेनं या मंडळ्यांसाठी कबीर भजन आणि विचार मंच चालवला. रात्रभर गाणं चाले आणि गाण्याइतकीच त्यावर चर्चाही. जात काय, गुरू काय, मंदिर कशाला, यावर गाणारे आणि ऐकणारे एकमेकांना धारेवर धरत. लिंडा हेस या अमेरिकन अभ्यासक बाईंनी वर्षानुवर्षं या लोकांत बसून त्यावर जाडजूड ग्रंथ लिहिला. आमच्या मराठी वाचनालयांत नाट्यसंगीतावरची पुस्तकं शेल्फभर सापडतील. तासाभरावरच्या या माणसांवर मराठीत काय आहे, ते शोधून बघा.

या मंडळीचं गाणं जवळून पाहिलंय का? गाणाऱ्याच्या एका हाताची बोटं तंबुऱ्याच्या तारांवर, दुसऱ्या हातात करताल. भजनाआधी साखी येते. तेव्हा ढोलक गप्प असतं. दोन ओळी, ताल नाही, नुसता स्वर धरून बोललेल्या. गाणारा त्या ओळी समोरच्या माणसाच्या डोळ्यांत बघून टाकतो, शेवटचा शब्द जरा लांबवतो, आणि तो शब्द खाली पडायच्या आत ढोलकावर थाप पडते. मग भजन. पण तेही सलग नाही. मध्येच तो थांबतो, तंबुरा चालू ठेवतो आणि बोलायला लागतो. आत्ता गायलेल्या ओळीचा अर्थ तो आजच्या गावावर, आजच्या पंचायतीवर, समोर बसलेल्या पुढाऱ्यावर लावतो. लोक हसतात, काही अस्वस्थ होतात, एखादा उठून जातो. बोलणं संपतं आणि ढोलक पुन्हा उचलतं. ज्याला हे बोलणं म्हणजे गाण्यातला व्यत्यय वाटतो, त्यानं कबीर ऐकलेलाच नाही. गाणं त्या बोलण्यासाठीच असतं.

आता हार्लेमला चला. 19 मे 1968, माल्कम एक्सचा जन्मदिवस. न्यूयॉर्कच्या काळ्या वस्तीतल्या एका बागेत गायलन केन, डेव्हिड नेल्सन आणि अबिओदुन ओयेवोले हे तीन तरुण कविता बोलायला उभे राहिले. त्यांच्यातून 'द लास्ट पोएट्स' हा गट उभा राहिला. हे नाव त्यांना दक्षिण आफ्रिकेतून परागंदा झालेल्या केओरापेत्से क्होसित्सिले या कवीच्या कवितेतून सुचलं. या कवीचा मुलगा पुढे अर्ल स्वेटशर्ट या नावानं नामवंत रॅपर झाला. 1970 मध्ये लास्ट पोएट्सची पहिली तबकडी निघाली, तेव्हा गटातली माणसं बदलली होती, रीत तीच होती. हातानं वाजवायचे कोंगा ढोल आणि माणसांचे आवाज, बाकी काही नाही. त्याच वर्षी गिल स्कॉट-हेरॉनची पहिली तबकडी आली, तिच्या नावातच हार्लेममधल्या एका चौकाचा पत्ता होता. हे लोक मुळात गायक नव्हते. कवी होते. आपल्या वस्तीला शिव्या देत, गोंजारत, जागं करत ते तालावर बोलत होते. 'हिप हॉपचा जन्म' म्हणून सगळे जी तारीख सांगतात, ती 11 ऑगस्ट 1973. त्या दिवशी जमैकातून आलेल्या कूल हर्कनं ब्राँक्समधल्या सेजविक अव्हेन्यूवरच्या इमारतीत पार्टीला तबकड्या वाजवल्या. म्हणजे कविता आधीच रस्त्यावर उभी होती. जमैकाच्या डीजेंची तबकडीवर बोलण्याची रीत, तुरुंगातल्या कैद्यांची लांबलचक यमकबद्ध कथनं, कोपऱ्यावरच्या पोरांची शिव्यांची जुगलबंदी, हेही सगळं त्यात मिसळलं. हिप हॉपला एकच बाप नाही. पण त्याच्या जिभेला धार लावली ती या बोलक्या कवींनी, आणि हिप हॉपचा इतिहास नुसत्या यंत्रांचा आणि तबकड्यांचा म्हणून सांगणारे या कवींना त्यातून पुसून टाकतात.

पुसण्याचं हे काम बाजारानं पहिल्याच फटक्यात केलं. 1979 मध्ये 'रॅपर्स डिलाइट' ही तबकडी जगभर गाजली. तिच्यात बिग बँक हँक नावाच्या माणसानं म्हटलेल्या ओळी ग्रँडमास्टर कॅझ या ब्राँक्सच्या पोराच्या होत्या. हँक पिझ्झाच्या दुकानात काम करायचा, कॅझशी त्याची ओळख होती, त्यानं कॅझच्या ओळी घेतल्या आणि जशाच्या तशा म्हटल्या. इतक्या जशाच्या तशा, की कॅझचं टोपणनावसुद्धा त्यात एकेक अक्षर सुटं करून उच्चारलेलं राहून गेलं. तबकडीवर श्रेय नाही, पैसा नाही. नाव मात्र गाण्यात आहे, जगभर वाजतंय. आमच्या शाहिराची, संताची नाममुद्रा शेवटच्या चरणात असते, ती रचना कोणाची हे सांगायला. इथे तीच मुद्रा चोरीच्या मालावर मालकाचा शिक्का म्हणून राहिली आणि तरीही मालकाला कोणी विचारलं नाही. ताल घ्या, ओळी घ्या, माणूस टाका. पुढे त्या तालावर मोटारी, दागिने आणि उघड्या बायांची बाजारपेठ उभी राहिली. आज जो रॅप ऐकून तुम्ही कानांवर हात ठेवता, त्यातला बराचसा भाग या टाकून देण्याचं फळ आहे. बायकांना शिव्या घालणाऱ्या, पैशाचा माज मिरवणाऱ्या रॅपची मला तुमच्याइतकीच चीड आहे. फरक एवढाच की मी ती चीड बरोबर जागी काढते. ती बाजारावर काढायला हवी, ब्राँक्सच्या किंवा देवासच्या पोरावर नाही.

देवासच्या पोराबद्दल सांगते. आमच्या भागातल्या एका मराठी मंडळाच्या गणेशोत्सवात 'युवा प्रतिभा' असा कार्यक्रम होता. एका मराठी घरातल्या कॉलेजच्या पोरानं नाव दिलं होतं. वडील औद्योगिक क्षेत्रातल्या कारखान्यात कंत्राटी कामगार. पोरानं मोबाइलवर बीट लावला आणि बोलायला लागला. अर्धी मराठी, अर्धी हिंदी, मध्येच माळवी, म्हणजे आम्ही घरात बोलतो तीच भाषा. विषय, बापाची रात्रपाळी. पंधरा वर्षं एकाच यंत्रावर उभं राहूनही दर अकरा महिन्यांनी नवा कागद. एकही शिवी नव्हती. यमकं काही ठिकाणी कच्ची होती, पण श्वास कुठे घ्यायचा आणि कुठला शब्द आपटायचा हे त्या पोराला कळत होतं. दुसरं कडवं सुरू व्हायच्या आत माइक बंद झाला. मी उठून विचारलं, "माइक का बंद केला?" कार्यकारिणीतले एक आजोबा म्हणाले, "अहो ताई, हा गणपतीचा मंच आहे. इथे असली रडगाणी नकोत." पोरगा "सॉरी काका" म्हणून खाली उतरला. दुसऱ्या दिवशी त्याच मंचावर बाहेरून बोलावलेल्या गायिकेनं कबीराचं निर्गुण गायलं. देह नश्वर आहे, श्रीमंत-गरीब सगळे एकाच वाटेनं जाणार, अशा अर्थाचं. तेच आजोबा पहिल्या रांगेत डोळे मिटून मान डोलावत होते. मरणापुढची समता त्यांना चालते. कारखान्याच्या फाटकापुढची चालत नाही. याला मी ढोंग म्हणते, आणि दुसरा सौम्य शब्द मला वापरायचा नाही.

आता धारकडचे अभिमानी. ते वेगळ्याच टोकाला जातात. "हे सगळं आमच्याकडे हजार वर्षांपूर्वी होतं, भोजराजाच्या दरबारात शीघ्रकवी होते, अमेरिकेनं काय शिकवावं?" होते, शीघ्रकवी होते, निदान बल्लाळाच्या 'भोजप्रबंधा'त तरी आहेत. भोजानंतर काही शतकांनी लिहिलेला तो कथांचा संग्रह आहे, इतिहास नाही. पण त्याच पुस्तकातली एक गोष्ट हे अभिमानी सांगत नाहीत, म्हणून मी सांगते. परक्या प्रांतातून एक मोठा कवी धारानगरीत येतो. राजा म्हणतो, याला घर द्या. जो अडाणी असेल त्याला बाहेर काढा आणि ते घर याला द्या. अधिकारी गावभर हिंडतात. शेवटी एका विणकराच्या दारात येतात, म्हणतात, ऊठ, घर खाली कर. विणकर तडक राजापुढे जाऊन उभा राहतो आणि तिथल्या तिथे श्लोक रचून बोलतो. मी कविता करतो, फार सुंदर नाही करत, जोर लावला तर तीही करीन, असं सांगत शेवटी एकाच नादाच्या तीन क्रियापदांवर तो श्लोक आदळतो. काव्य करतो, विणतो, आणि निघतो. राजा चकित होतो.

ही गोष्ट धारच्या भाषासौंदर्याचा नमुना म्हणून सांगितली जाते. मला त्यात घर खाली करणारा अधिकारी दिसतो. बाहेरच्या मान्यवर कवीला बसवायचं म्हणून हात राबवणाऱ्याला उठवायचं, हा व्यवहार आमच्या सगळ्या सांस्कृतिक मंडळांचा आजचा कारभार आहे. विणकराला स्वतःचं घर वाचवण्यासाठी आधी कवी असल्याचं सिद्ध करावं लागतं. रॅप करणाऱ्या पोराकडून तुम्ही हेच मागता. आधी कविता म्हणून सिद्ध कर, मग बोल. ब्राँक्समध्येही घरं अशीच खाली झाली होती. ब्राँक्सच्या मधोमध द्रुतगती रस्ता काढण्यासाठी शहर-नियोजक रॉबर्ट मोझेसनं वस्त्याच्या वस्त्या उठवल्या. त्या ढिगाऱ्यांशेजारी वाढलेल्या पोरांनी माइक हातात घेतला. म्हणजे धारनं अमेरिकेला काही शिकवलं असं मुळीच नाही. वंशावळी जोडायची गरज नाही. माणसाला घरातून उठवलं की तो कुठल्याही खंडात मोठ्यानं आणि तालात बोलायला लागतो, एवढंच नातं आहे आणि ते पुरेसं आहे.

धार जिल्ह्यात माणसांना घरातून उठवणं फार जुनं झालेलंही नाही. जिल्ह्याचा दक्षिण भाग, कुक्षी-मनावरकडचा, नर्मदेकाठचा निमाड आहे. निमाडात कलगी-तुर्रा गातात. चंगाच्या थापेवर दोन पक्ष समोरासमोर बसतात, एक सवाल टाकतो, दुसऱ्यानं त्याच वृत्तात, त्याच नादात जवाब द्यायचा. आमच्या महाराष्ट्रातला कलगीतुरा तो हाच. कलगीवाले शक्तीचे, तुरेवाले शिवाचे, भेदिक लावण्यांची कोडी घालून एकमेकांना पेचात पकडणारे. कोकणात शक्ती-तुरा म्हणून तो जिवंत आहे, मुंबईत त्याचे तिकीट लावून प्रयोग होतात आणि चाकरमानी गर्दी करतात. अमेरिकेत जिला बॅटल म्हणतात तिचे सगळे नियम यात आहेत. समोरच्याची ओळ पकडायची आणि त्याच्यावरच उलटवायची. मराठी माणूस ही लढाई पिढ्यान्‌पिढ्या ऐकत आलाय. तरी दोन पोरं समोरासमोर उभी राहून रॅपमध्ये भिडली की त्याला ते परकं वाटतं. आणि निमाडातल्या कलगी-तुर्ऱ्याची गावं? सप्टेंबर 2019 मध्ये सरदार सरोवर पहिल्यांदा 138.68 मीटरच्या पूर्ण पातळीला भरलं. कुक्षी तालुक्यातली निसरपूर, चिखलदा ही गावं पाण्याखाली गेली. गाणारे पुनर्वसनाच्या पत्र्यांत गेले. त्या वर्षी आमच्या मराठी मंडळांत 'लोककला वाचवा' यावर परिसंवाद झाले असतील. पाण्यात गेलेल्या गावातला एकही चंगवाला कुठल्या परिसंवादात बोलावल्याचं मला तरी आठवत नाही.

धारहून महू लांब नाही. तिथे 14 एप्रिल 1891 ला बाबासाहेबांचा जन्म झाला. वडील रामजी सकपाळ कोकणातले मराठी, लष्कराच्या शाळेत शिक्षक आणि कबीरपंथी. म्हणजे माळव्यात राहिलेल्या एका मराठी घरात कबीर म्हटला जात होता आणि ते घर ब्राह्मणाचं नव्हतं, दरबारी मराठ्याचंही नव्हतं. माळव्यातल्या मराठीपणाचा इतिहास सांगताना आम्ही पवार संस्थानिक सांगतो, देवासच्या थोरल्या आणि धाकट्या पातीचे वाडे सांगतो, फॉर्स्टर नावाचा इंग्रज कादंबरीकार 1921 मध्ये थोरल्या पातीच्या महाराजांचा खाजगी सचिव होता हेही कौतुकानं सांगतो. रामजींचं घर त्यात कधी येत नाही. त्या घरातला मुलगा पुढे 1913 ते 1916 कोलंबिया विद्यापीठात शिकला. ते विद्यापीठ हार्लेमला लागून आहे. 1946 मध्ये त्यानं डब्ल्यू. ई. बी. डु बॉइस यांना पत्र लिहून अमेरिकेतल्या काळ्यांच्या लढ्याबद्दल विचारलं. त्याच्या चळवळीनं महाराष्ट्रात भीमराव कर्डकांचे जलसे उभे केले. अण्णाभाऊ साठे, अमर शेख आणि गवाणकरांच्या लाल बावटा कलापथकानं गिरणगावात डफ वाजवला. 1972 मध्ये ब्लॅक पँथरकडून नाव घेऊन दलित पँथर निघाली आणि त्याच वर्षी नामदेव ढसाळांचा 'गोलपिठा' आला. हार्लेमची कविता आणि कामाठीपुऱ्याची कविता दोनचार वर्षांच्या अंतरानं तोंड उघडते. तेव्हाही मराठी सभ्य वाचकानं विचारलं होतं, ही काय भाषा आहे?

तोच प्रश्न पोलीस वेगळ्या कागदावर विचारतात. एप्रिल 2023 मध्ये राज मुंगासे आणि उमेश खाडे या मराठी रॅपरांवर त्यांच्या रचनांसाठी गुन्हे दाखल झाले. एक महाराष्ट्रातल्या सत्तांतराच्या खोक्यांवर बोलला होता, दुसरा सामान्य माणसाच्या हालांवर. त्या वेळी किती मराठी साहित्य संस्थांनी ठराव केले ते आठवा. "ती कविता नाहीच" हा तुमचा शेरा तिथे कामाला येतो. कविता ठरली असती तर निदान अभिव्यक्तीच्या नावानं चार माणसं उभी राहिली असती. बडबड ठरवली की ती एकट्याची होते, आणि एकट्याला उचलणं सोपं असतं.

मला कोणी सांगेल की सगळीच बडबड कविता होत नाही. बरोबर आहे. वाईट रॅप ढीगभर आहे, वाईट गझलाही ढीगभर आहेत, आणि वाईट अभंग तर आमच्या प्रत्येक दिवाळी अंकात असतो. पण तो अभंग लिहिणाऱ्याचा माइक तुम्ही दुसऱ्या कडव्याला बंद करत नाही. दर्जाचा प्रश्न कान देऊन पूर्ण ऐकल्यावर येतो. तुमचा नकार ऐकण्याच्या आधीचा आहे, आणि तो नाद ऐकून ठरत नाही, तोंड बघून ठरतो.

आणखी एक पळवाट मोडून काढते. "आम्ही टिपान्यांना बोलावलं होतं की!" बोलावलंत, पद्मश्री मिळाल्यावर बोलावलंत. आणि "फक्त भजनं म्हणा, मध्ये बोलू नका, वेळ कमी आहे" असं सांगणारे आयोजक मी डोळ्यांनी पाहिलेत. दुसऱ्या एका मंडळीच्या बाबतीत, दुसऱ्या मंचावर, पण हेच शब्द. गाणाऱ्याचं बोलणं कापून नुसती चाल ठेवायची, हेच 1979 मध्ये 'रॅपर्स डिलाइट'च्या वेळी झालं. तिथे निदान ते धंद्यासाठी होतं. तुम्हाला त्यातून पैसाही मिळत नाही, फक्त पहिल्या रांगेची शांतता मिळते.

तेव्हा माळव्यातल्या मराठी मंडळांच्या कार्यकारिणींना माझं सांगणं आहे, आणि येत्या गणेशोत्सवाच्या बैठकीत मी ते तोंडावर सांगणार आहे. एक रात्र कबीर मंडळीला द्या. त्यांचं मानधन बाहेरून येणाऱ्या गायकाच्या बरोबरीनं ठरवा आणि आधी द्या. निमंत्रणपत्रिकेत 'लोककलावंत' असं मोघम न छापता तंबुरावाल्यापासून ढोलकवाल्यापर्यंत सगळ्यांची नावं छापा. त्याच रात्री, त्याच मंचावर, माइक बंद केलेल्या त्या पोराला आणि त्याच्यासारख्या दोघाचौघांना बोलवा. आधी लिहून दाखवायला सांगू नका. कलगी-तुर्ऱ्याचा एक पक्ष निमाडातून आणा, येण्याजाण्याचा खर्च मंडळाचा. आणि साखी चालू असताना प्रमुख पाहुण्यांचा सत्कार करायला कोणालाही मंचावर चढू देऊ नका.